द्राक्षाच्या बॉक्सचे १५ लाख ४० हजार अडकलेत, कोर्टात जाऊ की पोलिसात?

एका वाचक ताईंचं पत्र आलंय, थोडक्यात असं आहे:

"मॅडम, नाशिकच्या एमआयडीसीत आमचं कोरोगेटेड बॉक्सचं छोटं युनिट आहे. मिस्टर प्रोप्रायटर, हिशोब सगळा मी बघते. २०२४ च्या सीझनला दिंडोरी भागातल्या एका द्राक्ष एक्स्पोर्ट करणाऱ्या प्रायव्हेट लिमिटेड कंपनीला जानेवारी ते मार्च बॉक्स दिले, अकरा बिलं झाली, १८ लाख ४० हजार, पहिलं बिल १२ जानेवारी २०२४ चं. पीओवर (परचेस ऑर्डरवर) ६० दिवसांची उधारी लिहिलीय. आधी म्हणायचे बाहेरून पेमेंट आलं की देतो. ऑगस्टमध्ये मेल आला की कोल्ड स्टोरेजमध्ये बॉक्स दबून बसले, क्वालिटी खराब होती. मग ऑक्टोबरमध्ये ३ लाख आरटीजीएस केले, त्यानंतर नुसत्या तारखा, व्हॉट्सॲपवर "थोडं थांबा वहिनी, देतो". डिलिव्हरी चलनांवर बहुतेक ठिकाणी त्यांची सही आहे. सुरुवातीला सिक्युरिटी म्हणून सही केलेला कोरा चेक दिलाय तो कपाटात आहे. आमचं उद्यम रजिस्ट्रेशन (छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी) ऑगस्ट २०२१ चं आहे. पेपर मिलवाले आमच्या मागे लागलेत, बिलांचा जीएसटी आम्ही खिशातून भरला. मिस्टर म्हणतात केस केली तर पुढची ऑर्डर जाईल आणि मार्केटमध्ये नाव खराब होईल. भाऊ म्हणतो सरळ पोलिसात जा. काय करू?"

ताई,

पत्र दोनदा वाचलं. आधी एकच गोष्ट विचारते, नाव कोणाचं खराब व्हायला पाहिजे? माल तुम्ही वेळेवर दिलात, जीएसटी तुम्ही भरलात, पेपर मिलच्या शिव्या तुम्ही खाताय, आणि लाज पण तुम्हालाच वाटतेय. हे मला फार खटकतं, कारण आपल्याकडच्या छोट्या युनिटवाल्यांचं सगळीकडे हेच चाललंय, पैसे मागायला गेलं की आपणच हात जोडून उभं राहायचं जसं काही उसने मागतोय. तुमचेच पैसे आहेत ते, आणि कायदा या बाबतीत तुमच्या बाजूने आहे, म्हणजे साधासुधा नाही तर चांगलाच भक्कमपणे आहे, फक्त तो वापरावा लागतो आणि वेळेत वापरावा लागतो.

वेळेचं आधी सांगते कारण बाकी सगळं त्याच्यावर उभं आहे. विकलेल्या मालाच्या पैशासाठी दावा करायची मुदत लिमिटेशन ॲक्टप्रमाणे तीन वर्षं. तुमच्याकडे उधारी ठरलेली होती म्हणून ती उधारीची मुदत संपल्यापासून मोजायची असा नियम आहे, म्हणजे पहिल्या बिलाचे ६० दिवस १२ मार्च २०२४ ला संपले आणि तिथून तीन वर्षं. पण समोरचा वकील भांडणार की ६० नाही ४५ च दिवस कायदेशीर होते (ते का ते पुढे सांगते), कोणी म्हणणार डिलिव्हरीपासून मोजा, म्हणून माझ्या अशिलांना मी नेहमी सांगते की सगळ्यात आधीची तारीख धरा, बिलाची तारीख. तुमच्यासाठी १२ जानेवारी २०२७. त्याच्या आत अर्ज दाखल झालेला पाहिजे, म्हणजे नोटीस पाठवलेली नाही, दाखल झालेला. आणि अकरा बिलांच्या अकरा तारखा वेगळ्या आहेत, एका कागदावर ओळीने लिहून ठेवा, बिल नंबर, तारीख, रक्कम, चलन नंबर, गाडी नंबर.

तुम्ही म्हणाल ३ लाख आले ना मधे, व्हॉट्सॲपवर "थोडं थांबा वहिनी, देतो" असं पण आलंय, मग मुदत वाढत नाही का? वाढू शकते. थोडे पैसे भरले किंवा लेखी कबुली दिली तर मुदत नव्याने सुरू होते, लिमिटेशन ॲक्टच्याच कलम १८ आणि १९ मध्ये आहे ते. पण त्यात कबुली लेखी आणि सहीची लागते, थोडं पेमेंट केलं असेल तर त्याचीही नोंद देणाऱ्याच्या अक्षरात किंवा सहीची हवी, आणि हे सगळं मूळ मुदत संपायच्या आधीचं असावं लागतं. नुसती आरटीजीएसची एंट्री किंवा व्हॉट्सॲपचा मेसेज पुरेसा आहे का यावर कोर्टात तासन् तास वाद होतात, तुम्हाला तो वाद नकोच आहे. त्यापेक्षा त्यांच्या अकाउंट्सवाल्याकडून खात्याचा उतारा मागवा, "३१ मार्चअखेर तुमच्याकडे आमचे इतके येणे आहेत, सही शिक्का करून पाठवा", बॅलन्स कन्फर्मेशन म्हणतात ते. ऑडिटच्या वेळी हे कागद सगळेच एकमेकांना पाठवतात, कोणाला संशय येत नाही. मिळालं तर सोनं, नाही मिळालं तर बिलाची तारीख धरून चालायचं. आणि तो फोन फॉरमॅट करू नका, विकू नका, जुना झाला तरी राहू दे, मेसेज कोर्टात द्यायचे झाले तर नवीन साक्ष कायद्याच्या कलम ६३ चं सर्टिफिकेट लागतं आणि मूळ फोन असला की काम सोपं होतं.

आता ४५ दिवसांचं. एमएसएमईडी कायदा, म्हणजे सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांचा कायदा, २००६ चा आहे आणि त्याच्या कलम १५ मध्ये स्वच्छ लिहिलंय की सूक्ष्म किंवा लघु उद्योगाकडून माल घेतला की ठरलेल्या तारखेला पैसे द्यायचे आणि ती तारीख काही झालं तरी माल स्वीकारल्यापासून ४५ दिवसांच्या पुढे नेता येणार नाही, लेखी काही ठरलंच नसेल तर १५ दिवस. म्हणजे त्यांच्या पीओवर ६० लिहिलं काय आणि १२० लिहिलं काय, या कायद्यापुरतं ते ४५ च. त्याच्या पुढे कलम १६, उशीर झाला की रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने व्याज, तेही दर महिन्याला चक्रवाढ. तुमची बिलं थकली तेव्हा बँक रेट ६.७५ टक्के होता, फेब्रुवारी २०२५ पर्यंत तोच होता, तिप्पट म्हणजे २०.२५ टक्के. त्यानंतर दर खाली येत गेलाय म्हणून पुढच्या महिन्यांचं त्या त्या दराने काढावं लागेल, पण अंदाज यावा म्हणून सांगते, १५ लाख ४० हजारांवर त्या दराने पहिल्याच महिन्याचं व्याज २६ हजारांच्या आसपास होतं आणि वर्षाला साधारण ३ लाख ४० हजार. तुमच्या पत्रात व्याजाचा एक शब्द नाही. नुसतं मुद्दल मागताय. पुढच्या पत्रात व्याज मागायचंच, सोडायचं असेल तर ते शेवटी तडजोडीच्या टेबलावर सोडायचं, आधीच नाही.

उद्यम ऑगस्ट २०२१ चं आहे हे वाचून मला खरंच बरं वाटलं. कारण ऑर्डर घेताना रजिस्ट्रेशन असणं हा मोठा वादाचा मुद्दा आहे, सुप्रीम कोर्टाने २०२१ आणि २०२२ च्या निकालांत सांगितलं की माल दिल्यानंतर घाईघाईने रजिस्ट्रेशन काढून जुन्या बिलांसाठी या कायद्याचा फायदा मागता येत नाही, मग जानेवारी २०२५ मध्ये दुसऱ्या एका प्रकरणात हा प्रश्न मोठ्या बेंचकडे पाठवला. तुम्हाला या भांडणात पडायची गरज नाही. पण दुसरं कोणी वाचत असेल आणि अजून उद्यम काढलं नसेल तर आजच काढा, फुकट आहे, ऑनलाइन आहे. आणि नुसती खरेदी-विक्री करणारे व्यापारी असाल तर उद्यम मिळतं पण ते बँकेच्या कर्जाच्या प्रायॉरिटीपुरतं, थकलेल्या पेमेंटच्या या कलमांचा फायदा व्यापाऱ्याला मिळत नाही. ताई, तुम्ही बॉक्स बनवता, मॅन्युफॅक्चरिंग आहे, तुम्हाला मिळतो.

क्वालिटीच्या मेलला घाबरू नका पण दुर्लक्षही करू नका. कायदा म्हणतो माल मिळाल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत घेतली नाही तर माल स्वीकारला असं धरायचं. तुमची शेवटची डिलिव्हरी मार्चची, मेल ऑगस्टचा. मधे पाच महिने गेले, बॉक्स भरून माल परदेशात पोचला पण असेल. वर हरकत घेतल्यावर दोन महिन्यांनी त्यांनीच ३ लाख भरले, खराब मालाचे पैसे कोण भरतं? अजून एक तपासा, त्यांनी तुम्हाला डेबिट नोट (बिलातून रक्कम कापल्याचा कागद) पाठवलीय का? एक तरी बॉक्स परत आलाय का? तुमच्या बिलांवरचं इनपुट टॅक्स क्रेडिट (खरेदीवरच्या जीएसटीची वजावट) त्यांनी घेतलंय का हे तुमच्या सीएला विचारा, पूर्ण बिलावर क्रेडिट घेतलं आणि डेबिट नोट काढली नाही याचा अर्थ त्यांच्या वहीत तुमचं बिल आहे तसं मान्य आहे. हे सगळं त्या मेलच्या उत्तरात शांतपणे लिहायचं, आजवर उत्तर दिलं नसेल तर आता द्या, न दिलेलं उत्तर पुढे "त्यांनी मान्यच केलं होतं" म्हणून तुमच्यावर उलटतं.

आणि घरातल्या घरात प्रामाणिकपणे एक गोष्ट बघा, त्या लॉटचा कागद कुठल्या मिलचा होता, किती जीएसएमचा (वजनाचा), पीओमध्ये बर्स्टिंग स्ट्रेंथ (फुटेपर्यंत किती दाब सोसायचा) काय मागितली होती आणि तुमच्याकडे मिलचं टेस्ट सर्टिफिकेट आहे का. कोल्ड रूममध्ये ओलावा असतो, प्री-कूलिंगमध्ये बॉक्स ओला झाला आणि वर थप्पी जास्त लावली की चांगला पाच प्लायचा बॉक्स पण खालच्या थरात बसतो, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळतं. तो दोष बॉक्सचा नाही, रचणाऱ्याचा. पण एखाद्या लॉटमध्ये खरंच कमी ग्रेडचा कागद गेला असेल तर त्या लॉटचे पैसे स्वतःहून कमी करा, क्रेडिट नोट द्या, आणि उरलेल्यासाठी ताठ उभे राहा. सुनावणीत तुमचा शब्द वजनदार ठरेल तो अशानेच.

कागदांबद्दल थोडं थांबते कारण केस इथेच जिंकली जाते. तुम्ही लिहिलंय चलनावर "बहुतेक ठिकाणी" सही आहे. सगळी चलनं बाहेर काढा आणि एकेक बघा. गेटवरच्या वॉचमनची नुसती रेघ आहे का, कंपनीचा इनवर्डचा गोल शिक्का आहे का, बॉक्सची संख्या हाताने लिहिलीय का, तारीख कुठली. ज्या चलनावर सही नाही तिथे टेम्पोवाल्याची भाड्याची पावती, ई-वे बिल, त्यांच्या स्टोअरवाल्याचा "माल मिळाला" मेसेज, जे असेल ते त्या चलनाला जोडा. टेम्पोवाला आपल्याच ओळखीचा असेल ना, त्याचं नाव नंबर लिहून ठेवा, दोन वर्षांनी तो कुठे असेल सांगता येत नाही.

कुठे जायचं? पोलिसात नाही. भावाचा राग मला समजतो पण पैसे न देणं म्हणजे आपोआप फसवणूक होत नाही, सुरुवातीपासूनच द्यायचा इरादा नव्हता हे दाखवावं लागतं, आणि ज्याने ३ लाख दिलेत त्याच्याबद्दल ते दाखवणं अवघड. दिवाणी वसुलीसाठी एफआयआर करायच्या प्रकारावर सुप्रीम कोर्टाने वारंवार ताशेरे ओढलेत. सहा महिने स्टेशनच्या पायऱ्या झिजवाल, हातात काही नाही, आणि इकडे मुदत संपत येईल. दिवाळखोरी कायद्याने एनसीएलटीत (कंपनी कायदा न्यायाधिकरणात) ओढा असंही कोणीतरी सांगेल, तिथे २०२० पासून किमान १ कोटीची थकबाकी लागते, तो रस्ता तुमचा नाही.

तुमचा रस्ता म्हणजे एमएसएमई फॅसिलिटेशन कौन्सिल (थकलेल्या पेमेंटचे वाद सोडवणारं सरकारी मंडळ), एमएसएमईडी कायद्याचं कलम १८. अर्ज ऑनलाइन होतो, २०१७ मध्ये समाधान पोर्टल आलं आणि जून २०२५ मध्ये एमएसएमईचं नवं ओडीआर पोर्टल, आता कुठलं चालू आहे ते बघून उद्यम नंबर टाकायचा, पीओ, बिलं, चलनं अपलोड करायची. महाराष्ट्रात कौन्सिल विभागवार आहेत, कुठे जायचं ते तुमच्या पत्त्यावर ठरतं, खरेदीदार कुठेही असो. काही अडलं तर जिल्हा उद्योग केंद्रात जाऊन विचारा, लाजू नका, ते त्यांचं कामच आहे. कोर्टासारखी रकमेच्या प्रमाणात स्टॅम्प फी इथे नाही. आधी समेटाचा प्रयत्न होतो, नाही जमला तर आर्बिट्रेशन (लवाद) होऊन निवाडा होतो, आणि तो निवाडा कोर्टाच्या हुकुमासारखा वसूल करता येतो. पीओच्या मागे बारीक अक्षरात "वाद झाल्यास आर्बिट्रेशन मुंबईत" वगैरे छापलेलं असतं, ते या कायद्यापुढे टिकत नाही हे २०२२ ला ठरलंय. सगळ्यात मोठी ताकद कलम १९ मध्ये आहे, निवाड्याला कोर्टात आव्हान द्यायचं तर खरेदीदाराला आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते. म्हणजे अपिलात वर्षं घालवायची नेहमीची युक्ती इथे महागात पडते.

पण खोटी आशा लावत नाही. कायद्यात ९० दिवसांत निकाल लिहिलाय, प्रत्यक्षात तसं होत नाही, नोटीस पोचत नाही, समोरचा तारीख मागतो, कौन्सिलची बैठक पुढे जाते, वर्षभर तरी धरून चाला आणि जास्तही लागू शकतं. तरीही मी तुम्हाला हेच सांगेन, कारण व्याजाचं मीटर चालू राहतं आणि ते त्यांनाही दिसतं. आणि मुदत इथेही लागू आहे, मुदत संपलेल्या थकबाकीसाठी समेट होऊ शकतो पण आर्बिट्रेशन नाही असं सुप्रीम कोर्टाने २०२५ मध्ये सांगितलंय, म्हणून जानेवारी २०२७ ची तारीख विसरायची नाही.

कोर्टाचा पर्याय पण आहे, ३ लाखांच्या वरचा व्यापारी वाद कमर्शियल कोर्टात जातो, पण तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल तर दाव्याआधी मीडिएशन (मध्यस्थी) सक्तीचं आहे, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा लागतो, २०२२ पासून त्याच्याशिवाय दावा फेटाळला जातो. ज्यांचं उद्यम नाही त्यांनी हा रस्ता धरावा, सही असलेली बिलं आणि लेखी ऑर्डर असेल तर समरी सूट (झटपट चालणारा दावा) बद्दल वकिलाला विचारावं. तुम्हाला तूर्त गरज नाही.

तो कोरा चेक. ताई, कृपा करून रागाच्या भरात १८ लाख ४० हजार लिहून बँकेत टाकू नका. सही करून विश्वासाने दिलेल्या कोऱ्या चेकवरही चेक बाउन्सची, म्हणजे कलम १३८ ची केस चालते, सिक्युरिटीचा म्हणून तो निकामी होत नाही, पण चेक टाकता त्या दिवशी जेवढं खरोखर येणं आहे तेवढीच रक्कम त्यावर पाहिजे. ३ लाख मिळालेत, ते वजा न करता पूर्ण रक्कम लिहिली तर केस तिथेच पडते, २०२२ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे. म्हणून लिहायचीच तर १५ लाख ४० हजार, आणि तेही तुमच्या वकिलाने सगळे कागद बघितल्यावर, आणि तीन वर्षांच्या आत. चेक परत आला की मग दिवस मोजायचे, बँकेकडून कळल्यापासून ३० दिवसांत नोटीस, नोटीस मिळाल्यापासून त्यांना १५ दिवस, ते संपल्यावर एका महिन्यात कोर्टात तक्रार. नोटिशीतली रक्कम चेकवरच्या रकमेशी रुपयाला रुपया जुळली पाहिजे, टायपिंग मिस्टेक म्हणून सुटका नाही. नोटीस कंपनीला आणि सही करणाऱ्या डायरेक्टरला, दोघांनाही. केस तुमची बँक शाखा जिथे आहे तिथल्या कोर्टात चालते म्हणजे नाशिकलाच. कौन्सिल आणि १३८ दोन्ही एकाच वेळी चालू शकतात, फक्त पैसे दोनदा मिळणार नाहीत हे उघड आहे. मी तुमच्या जागी असते तर आधी कौन्सिलचा अर्ज तयार केला असता आणि चेक थोडा मागे ठेवला असता, कारण चेक टाकला की बोलणी बंद होतात आणि अजून बोलणी व्हायला जागा आहे असं मला पत्रावरून वाटतं.

जागा का वाटते ते सांगते. या कंपनीला तुमचे पैसे न देणं स्वस्त पडतंय असं त्यांच्या मालकाला वाटतंय, पण त्यांच्या सीएला ते खरं नाही हे माहीत असणार. आयकरात २०२३ च्या फायनान्स ॲक्टने ४३बी(एच) आणलं, एप्रिल २०२४ पासून लागू म्हणजे २०२३-२४ च्या हिशोबापासून, त्यात सूक्ष्म-लघु उत्पादकाचे पैसे ४५ दिवसांत दिले नाहीत तर तो खर्च प्रत्यक्ष पैसे देईपर्यंत वजाच मिळत नाही, तुमची जानेवारीची बिलं त्यात सरळ बसतात. जीएसटीत बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर घेतलेलं क्रेडिट व्याजासकट परत भरावं लागतं, पैसे दिल्यावर पुन्हा घेता येतं. कलम १६ च्या व्याजाची वजावट आयकरात मिळत नाही. आणि कंपनी असल्यामुळे ४५ दिवसांवरची थकबाकी त्यांना एमएसएमई-१ फॉर्ममध्ये सरकारला दर सहामाहीला कळवावी लागते. यातलं काही केलं नसेल तर त्यांची अडचण आहे. म्हणून पुढचं पत्र मालकाला एकट्याला नको, त्यांच्या अकाउंट्सच्या मेलवर पण पाठवा आणि उद्यम सर्टिफिकेट जोडा. भाषा साधी, साधारण अशी:

"आपल्या पीओप्रमाणे जानेवारी ते मार्च २०२४ मध्ये पुरवलेल्या मालाची अकरा बिलं एकूण रु. १८,४०,००० असून त्यापैकी रु. ३,००,००० मिळाले आहेत. बाकी रु. १५,४०,००० व त्यावर एमएसएमईडी कायदा कलम १६ प्रमाणे व्याज देणे आहे. आम्ही उद्यम नोंदणीकृत उत्पादक आहोत, प्रमाणपत्र सोबत आहे. आपल्या ऑगस्ट २०२४ च्या मेलमधील हरकत माल मिळाल्यापासून १५ दिवसांत घेतलेली नाही व ती आम्हाला मान्य नाही. १५ दिवसांत रक्कम न मिळाल्यास आम्ही फॅसिलिटेशन कौन्सिलकडे अर्ज करू. सोबत खात्याचा उतारा व व्याजाचा तक्ता."

एवढंच. धमकी नाही, शिवी नाही, विनवणी पण नाही. मेल करा आणि स्पीड पोस्टने पण पाठवा, पोचपावती जपून ठेवा. १५ दिवस म्हटलंय तर सोळाव्या दिवशी अर्ज करा, परत एक रिमाइंडर, परत एक फोन असं करू नका, तुमच्या तारखेला तुम्हीच मान दिला नाही तर ते कशाला देतील.

ते हप्त्यांचं बोलले तर ऐका. मुद्दल सोडू नका, व्याजात काय कमी-जास्त करायचं ते करा. पण तोंडी नको, किती हप्ते, कुठल्या तारखा, एक चुकला तर पूर्ण रक्कम व्याजासकट लगेच देय, हे सही शिक्क्याने लिहून घ्या आणि प्रत्येक हप्त्याचा चेक आधीच घ्या. कौन्सिलपुढे समेट झाला तर अजून चांगलं, त्या तडजोडीला निवाड्याचा दर्जा असतो, मोडली तर परत पहिल्यापासून केस करावी लागत नाही.

आणि पुढच्या ऑर्डरचं. मिस्टरांची भीती खोटी नाही, मोठं गिऱ्हाईक गेलं की मशीन बंद राहतं. पण जो गिऱ्हाईक पैसे देत नाही तो तुमच्या सीसी लिमिटवर (बँकेच्या कॅश क्रेडिटवर) धंदा करतोय, नव्वद दिवसांवरची उधारी बहुतेक बँका ड्रॉइंग पॉवरला, म्हणजे किती पैसे उचलता येतील त्या हिशोबात, धरत नाहीत, म्हणजे ही उधारी बँकेकडून पण तुमचा गळा आवळते. ऑक्टोबर छाटणी झाली की त्यांना बॉक्सची गरज लागणारच, तेव्हा ते फोन करतील, गोड बोलतील. त्या वेळी मिस्टरांनी एकच सांगायचं, जुनं क्लिअर करा, नवीन माल ॲडव्हान्सवर, खुशाल घ्या. ते म्हणाले नवीन बिलाचे पैसे रोखीने देतो पण जुनं राहू दे, तर एक बारीक गोष्ट लक्षात ठेवा, पैसे पाठवताना कुठल्या बिलाचे ते त्यांनी सांगितलं नाही आणि परिस्थितीवरूनही ते कळत नसेल तर ते तुम्ही जुन्या बिलात जमा धरू शकता, काँट्रॅक्ट ॲक्टचं कलम ६०. तसं धरलं की त्याच दिवशी मेलने कळवा. पण त्यांनी नवीन बिलाचा नंबर टाकून पाठवले तर ते त्याच बिलाचे धरावे लागतात, म्हणून नवीन माल उधारीवर द्यायचाच नाही.

शेवटचं, तुम्ही विचारलं नाहीये पण सांगून ठेवते. प्रोप्रायटर मिस्टर आहेत, अर्जावर सही त्यांचीच लागेल, त्यांनाच हे सगळं नको असेल तर आधी घरात बसून त्यांना व्याजाचा तक्ता दाखवा, आकडे बघितले की माणूस बोलायला लागतो. सुनावणीला तुम्ही जाणार असाल, आणि जायला पाहिजे कारण हिशोब तुम्हाला माहितीय, तर त्यांच्या सहीचं ऑथॉरिटी लेटर आणि दोघांची आधार कार्डं फाइलला लावा, बिलांच्या दोन झेरॉक्स सेट करा, आणि ओरिजिनल चलनं कोणाच्याही हातात देऊ नका, बघायला मागितली तरी समोर बसून दाखवायची आणि परत घ्यायची.